चौथ्या गाडीला आवाज नव्हता

माझ्या मेव्हण्याचं राजकीय चरित्र कोणी लिहायला घेतलंच, तर त्याला चार प्रकरणं पुरतील, आणि चारही प्रकरणांना चाकं असतील. एकाच जपानी गाडीच्या चार पिढ्या त्याच्या दारात उभ्या राहिल्या. पहिली आली तेव्हा तो गावच्या विकास सोसायटीचा चेअरमन होता. चौथी आली तेव्हा काय झालं, ते सांगण्यासाठी हे लिहितो आहे.

गाडीचं नाव मी लिहीत नाही. माझ्या सासुरवाडीतही ते कोणी घेत नाही. जुन्या बायका नवऱ्याचं नाव घेत नसत, तसा तो प्रकार आहे. "मोठी गाडी आली का?", "मोठ्या गाडीतनं जाऊया" एवढंच बोललं जातं. पहिल्या गाडीबरोबर एक पुस्तिका आली होती. तिच्यात नवरा, बायको, दोन मुलं आणि मागे हसणारे आजी-आजोबा असं चित्र होतं. जपान्यांनी ही गाडी कुटुंबासाठी काढली होती. आष्ट्याजवळच्या त्या गावात आल्यावर कुटुंब या शब्दाचा अर्थ थोडा ऐसपैस झाला, इतकंच. त्यात सोसायटीचे संचालक, एक सचिव, दोन ठेकेदार आणि निवडणुकीच्या दिवसांत मतदानाला निघालेल्या, एरवी कोणी विचारत नसलेल्या म्हाताऱ्या बसू लागल्या.

मेव्हणा म्हणजे माझ्या बायकोचा धाकटा भाऊ. गावात त्याला लहानथोर सगळे आबा म्हणतात. तो मला दाजी म्हणतो. मी साताऱ्यात वाढलो, सांगलीच्या कॉलेजात मुलांना शिकवून निवृत्त झालो, आणि दाजी असल्यामुळे त्याची थट्टा करण्याचा हक्क मला लग्नाबरोबरच मिळाला. तो मी नियमाने बजावत आलो.

पहिली गाडी चौकोनी होती. लहान मुलाला गाडी काढ म्हटलं की ते जी काढतं, ती ही. पाठीमागे दोन बाकं समोरासमोर होती आणि तिथे बायका गुडघ्याला गुडघा लावून बसत. माझी बायको, वहिनी म्हणजे मेव्हण्याची बायको, आणि सासूबाई. पुढे मेव्हणा सोसायटीचं राजकारण करायचा. मागे कोणाचं लग्न कुठे ठरवायचं, कोणतं शेत कोणाला वाट्याने द्यायचं आणि घरात कोणाशी किती बोलायचं, हे ठरायचं. पुढच्यांना ते महिन्या-दोन महिन्यांनी कळे, आणि तोवर त्यांना ते आपल्यालाच सुचलंय असं वाटू लागलेलं असे.

ती गाडी चांगली खपत असताना कंपनीने बंद केली. मेव्हण्याला हे काही केल्या उमगेना. पद हातात असताना राजीनामा दिल्यासारखंच त्याला ते वाटलं. जपानी लोकांविषयीचा त्याचा आदर त्या दिवसापासून थोडा कमी झाला, पण दुसरी गाडी त्याने तरीही घेतली. तोवर तो साखर कारखान्याचा संचालक झाला होता, आणि संचालकाने चेअरमनच्या वेळच्या गाडीतून हिंडणं बरं दिसत नव्हतं.

दुसरी गाडी गोलाईची होती. मेव्हण्यालाही त्याच सुमारास गोलाई आली. रंग पांढरा. सीटांवरचं प्लास्टिक शेवटपर्यंत काढलं नाही, त्यामुळे उन्हाळ्यात उतरताना पाहुण्यांच्या पाठी सोलल्याचा आवाज व्हायचा. नंबर ४१४१ मिळवला. इंग्रजी आकडे जरा वळवून लिहिले की ते मराठीत 'दादा' असे वाचता येतात. त्याला सगळे आबा म्हणत, पण आबा काही आकड्यांत बसेना, म्हणून दादावर भागवलं. समोरासमोरची बाकं या गाडीत नव्हती. आता सगळे पुढे बघून बसत, आणि पुढे मेव्हण्याचं डोकं असे.

पण या गाडीची खरी दौलत होती तिचा आवाज. डिझेलचा, घसा साफ करून बोलणाऱ्या माणसासारखा. गावाच्या तोंडाशी चिंचेचा एक पार आहे. रस्ता त्याला वळसा घालून आत जातो. तिथे संध्याकाळी दहा-बारा माणसं बसलेली असतात. ओढ्यापलीकडून गाडीचा आवाज आला, की गाडी वळसा घालेपर्यंत पारावरची माणसं उठून उभी राहत. मेव्हणा काच खाली करी, हात करी, काच वर करी. किती माणसं उठली हे त्याला बरोबर ठाऊक असे.

"दाजी," तो मला एकदा म्हणाला, "गाडी दिसायच्या आदी ऐकू आली पायजे. ज्याचा आवाज हाय, त्योच माणूस."

आमच्याकडे आवाज असणं म्हणजे वजन असणं, हे मी कॉलेजात मुलांना वाक्प्रचार म्हणून शिकवत होतो. मेव्हणा तो गॅरेजमधून शिकला होता.

तिसऱ्या गाडीच्या तोंडाला इतकं चकचकीत पत्र्याचं काम होतं की नवी कवळी बसवल्यासारखी ती दिसे. आवाज होताच, वर थोडा खर्जही आला होता. मधल्या रांगेत सलग सीटऐवजी दोन स्वतंत्र खुर्च्या होत्या, हात टेकायच्या. एकीवर मेव्हणा बसे. दुसरी साहेबांसाठी मोकळी ठेवलेली असे. साहेब म्हणजे कारखान्याच्या पॅनेलचे प्रमुख. त्यांच्या मर्जीने मेव्हणा तीन वेळा बिनविरोध संचालक झाला होता, आणि ते त्या खुर्चीवर एकदाही बसले नव्हते. बायका आता अगदी शेवटच्या रांगेत, गुडघे हनुवटीला लावून. फलटणला एका लग्नाला जाऊन परतताना सासूबाईंनी विचारलं, ती खुर्ची कोणाची. साहेबांची, असं सांगितल्यावर त्यांनी शांतपणे विचारलं, "गेलं का ते?" रिकामं पान कोणासाठी वाढून ठेवतात, एवढंच त्यांना माहीत होतं. मग त्यांनी गाडी थांबवायला लावली आणि पुढे येऊन त्या खुर्चीवर बसल्या.

चौथ्या गाडीचं मात्र वेगळं होतं. या वेळी मेव्हण्याला तिची गरज होती. कारखान्याची निवडणूक जवळ आली होती आणि साहेबांनी जाहीरपणे सांगून टाकलं होतं की या खेपेला नवे चेहरे बघू, प्रत्येक गावात येऊन माणसं कोणाच्या मागे आहेत ते आम्ही स्वतः पाहू. पंधरा वर्षांत मेव्हण्याला कोणी अशी परीक्षा घातली नव्हती. संचालकपद गेलं तर आपण कोण उरतो, या प्रश्नाचं उत्तर त्याने कधी तयारच केलं नव्हतं. त्याने नवी गाडी नोंदवली आणि तिसरी देऊन टाकली. पुण्यात नोकरी करणाऱ्या त्याच्या मुलाने सांगितलं की नवी पिढी पेट्रोल आणि बॅटरी दोन्हींवर चालते, काळाची गाडी आहे. काळ हा शब्द मेव्हण्याला आवडला. पुढचं त्याने नीट ऐकलं नाही.

गाडी आली त्या दिवशी मुहूर्त काढला होता. चाकांखाली लिंबं ठेवली, हार घातला, नारळ फुटला. गुरुजींनी घड्याळ बघून सांगितलं, आता चालू करा. मेव्हण्याने बटण दाबलं. सगळे वाट पाहत राहिले.

"करा की चालू," गुरुजी म्हणाले.

"केलीया."

"मग?"

"मग काय? केलीया म्हनतोय न्हवं."

गुरुजींना ते पटेना. त्यांच्या आयुष्यातली प्रत्येक गाडी मुहूर्तावर गुरगुरली होती. त्यांनी बंद करून पुन्हा चालू करायला सांगितलं. पुन्हा शांतता. ड्रायव्हरने बॉनेटला कान लावला. सासूबाईंनीही लावला आणि आत कोणीतरी ॐ म्हणतंय असं सांगितलं. या गडबडीत मुहूर्त टळला की गाठला, यावर घरात आजही दोन मतं आहेत. पुढे जे झालं त्याचं खापर निम्मं घर त्या मुहूर्तावर फोडतं.

चार-पाच दिवसांनी मेव्हणा सांगलीला कामासाठी आला होता. मला म्हणाला, चला दाजी, दोन दिवस गावाकडं. दिवस मावळायला तासभर होता तेव्हा आम्ही गावाजवळ पोहोचलो. ओढा ओलांडला. गाडी बॅटरीवर होती आणि मांजरासारखी चालली होती. पाराजवळ वळणावर आलो, तर दहा-बारा पाठी आमच्याकडे. एकही हलली नाही.

ड्रायव्हरचा हात हॉर्नकडे गेला. मेव्हण्याने मागून त्याच्या खांद्यावर हात ठेवला, कारण त्याला स्वतःचं नाव ऐकू आलं होतं. त्याने गाडी थांबवायला खुणावलं आणि काच हळूच खाली केली.

पारावर बोलत होता तो सुभेदार. आयुष्य पलटणीत काढून परतलेला म्हातारा, एक एकर ऊस आणि पेन्शन यांवर राहणारा. त्याला एका तरण्या माणसाने विचारलं होतं, आबाची नवी गाडी आलीय, तिलाबी उठायचं का.

"धुरळा उडिवती का ती?" सुभेदाराने विचारलं.

"न्हाई म्हनत्यात. धूरबी न्हाई."

"मग कशापायी उठायचं?"

"म्हंजी तुमी मान म्हणून उठत न्हवता व्हय?"

"मान कसला रं. वळणावर त्याचा डायव्हर गाडी अशी फिरवायचा की तोंडात माती. आवाज आला की उठायचं, गाडी म्होरं गेली की पाठ करायची, धुरळा बसला की कापडं झाडायची आन बसायचं. त्याला वाटायचं, आमी रामराम घालतोय."

सगळा पार हसला. ते हसणं दुष्ट नव्हतं, आणि म्हणून ते जास्त लागलं. मी मेव्हण्याकडे बघितलं नाही. ड्रायव्हर आयुष्यात प्रथमच स्टीअरिंग बघत असल्यासारखा स्टीअरिंग बघत होता.

"माणूस वाईट न्हाई गड्या आबा," सुभेदार पुढे म्हणाला. "पर त्याचा ऊस दिवाळी झाली की जातोय आन माजा होळीला, वाळून चिपाडं झाल्यावर. दोगांच्या उसाची लागण एकाच आठवड्यातली. एवडंच इचारायचं हाय त्याला. पर त्यो उतरतोय कुटं? काच खाली, हात, काच वर. काचंला काय इचारू?"

मेव्हण्याने काच वर केली. ड्रायव्हरला म्हणाला, "मागं घे." गाडी मागे सरत ओढ्यापर्यंत गेली आणि दुसऱ्या वाटेने घरी आली. कोणालाही कळलं नाही. आपल्याच गावातून असा मागे सरत गेलेला तो बहुधा जिल्ह्यातला पहिला संचालक असेल.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने पहिला फोन केला तो सांगलीच्या एका गाडी सजावटवाल्या दुकानाला. या गाडीला आवाज बसवता येतो का. दुकानदाराने सांगितलं, मागे घेताना वाजणारा बसवता येतो, आरतीचा आहे, लहान मूल रडतानाचाही आहे. पुढे जातानाचा नाही. वहिनी चहा घेऊन आल्या होत्या. त्यांना पाराची हकीकत मी आदल्या रात्रीच सांगितली होती, आणि त्यांनी ती ऐकताना पदराने तोंड झाकलं होतं.

"आवाज कशाला बसवताय?" त्या म्हणाल्या. "उतरून चालत जावा की. पाय हायत न्हवं?"

तो गेला. मला आश्चर्य वाटलं, पण गेला. मी बरोबर होतो. पारावर कोणी उठलं नाही. सुभेदाराने जरा सरकून शेजारी जागा केली. मेव्हणा बसला आणि बराच वेळ आपले हात कुठे ठेवावेत हे त्याला समजेना, कारण काच नव्हती. मग त्याने उसाचं विचारलं. सुभेदाराने लागणीची तारीख सांगितली, तोडणी किती लांबली ते सांगितलं. नंतर दुसऱ्याने सांगितलं, तिसऱ्याने सांगितलं. मेव्हण्याने खिशातून डायरी काढून लिहून घेतलं. तो रोज जाऊ लागला. यात मतांचा हिशोब मुळीच नव्हता, असं मी म्हणणार नाही. पण पहिल्या तीन दिवसांनंतर तो उशिरा घरी येऊ लागला आणि जेवताना उसाच्या जातींविषयी बोलू लागला. मतांसाठी माणूस इतकं करत नाही.

आता इथे एक घोटाळा झाला, आणि तो दुसऱ्या कुठल्या मुलखात झाला असता असं मला वाटत नाही. आबाची गाडी ऐकू येत नाही, आणि आबा पायी हिंडतो, या दोन गोष्टी लोकांनी एकत्र केल्या. आठवड्याभरात चार गावांत झालं की आबाची मोठी गाडी गेली. कोणी म्हणे विकली, कोणी म्हणे परत पाठवली. तासगावचा एक द्राक्षबागायतदार पाहुणा डझनभर केळी घेऊन भेटायला आला, आजाऱ्याला भेटायला येतात तसा. मेव्हण्याने त्याला हात धरून शेडमध्ये नेलं आणि गाडी दाखवली. पाहुण्याने तिच्याभोवती एक फेरी मारली आणि हळू आवाजात विचारलं, "कुणाची हो?"

साहेब आले ते याच सुमारास. तेही नव्या पिढीच्याच गाडीतून. त्यांचीही गाडी पाराला वळसा घालून आली तेव्हा कोणी उठलं नाही, आणि साहेबांनी त्याचा अर्थ आपल्या गाडीशी न लावता मेव्हण्याच्या वजनाशी लावला. चहा घेताना त्यांनी काळजीने विचारलं, "आबा, तुम्ही चालत हिंडता असं कानावर आलं. तब्येत?"

"बरी हाय."

"मग काही अडचण?"

"अडचण न्हाई साहेब. जरा लोकांशी बोलतोय. उसाच्या पाळीत घोळ हाय, त्यो..."

साहेबांनी कप खाली ठेवला. उमेदवारी हवी असलेला माणूस ऊसतोडणीच्या पाळीचं बोलायला लागलेला त्यांनी त्यापूर्वी पाहिला नसावा. जाताना त्यांनी मेव्हण्याच्या पाठीवर हात ठेवला. आमच्याकडे पुढारी ज्याच्या पाठीवर हात ठेवतो, त्याने घरी जाऊन उपरणं घडी करून ठेवावं. उमेदवारी शेजारच्या गावच्या एका खत दुकानदाराला मिळाली. त्याच्याकडे तिसऱ्या पिढीची गाडी होती. ती तीन गावांवरून ऐकू येत होती.

निकाल लागला, नवं संचालक मंडळ आलं, कारखान्यात उसाचं गळीत सुरू झालं. मेव्हणा महिनाभर पाराकडे फिरकला नाही. सोसायटीचे लोक यायचे थांबले होते, ठेकेदार फोन उचलत नव्हते. वहिनींनी मला सांगितलं, सकाळी अंघोळ करून इस्त्रीचे कपडे घालतात आणि मग कुठे जायचं ते आठवत बसतात. ते ऐकून मी पुन्हा गावी गेलो, पण काय बोलावं ते मलाही सुचेना. थट्टा करायची सवय झालेल्या माणसाची अशा वेळी पंचाईत होते.

मी गेलो त्याच्या दुसऱ्या दिवशी सुभेदार घरी आला. दारात उभा राहून म्हणाला, "आबा, मंडळ नवं आलं पर माजा ऊस जुन्याच जागी उबा हाय. शेतकी हापिसात जायाचं हाय. आता तुमास्नी येळ हाय, चला माज्यासंगट."

वेळ आहे, हे त्याने इतक्या सरळपणे म्हटलं की मेव्हण्याला राग यायलाही सवड मिळाली नाही. तो चपला घालून निघाला. मीही निघालो. गाडीने आम्ही कारखान्याच्या शेतकी ऑफिसवर पोहोचलो. फाटकावरच्या रखवालदाराने मान वर केली नाही, कारण त्याला काही ऐकू आलं नाही.

ऑफिसात टेबलामागे नवा कारकून होता. लिहिता लिहिताच त्याने विचारलं, "कोण आपण?"

पंधरा वर्षं ज्या इमारतीत मेव्हण्याच्या पायांचा आवाज आला तरी खुर्च्या सरकत, तिथे त्याला हे कोणी विचारलं नव्हतं.

"सभासद," तो म्हणाला.

"सभासद क्रमांक?"

तो त्याला माहीत नव्हता. संचालकाला त्याची कधी गरजच पडली नव्हती. त्याने खिसे चाचपले, डायरी चाळली. डायरीत गावातल्या वीसेक माणसांच्या लागणीच्या तारखा होत्या, स्वतःचा क्रमांक नव्हता. मग सुभेदार पुढे झाला. टाचा जुळवून, हात मांड्यांना लावून त्याने पलटणीतला नंबर सांगावा तसा आपला सभासद क्रमांक खणखणीत आवाजात सांगितला. कारकुनाने पहिल्यांदाच मान वर केली. त्याने रजिस्टर ओढलं, पान काढलं, तारखेवर बोट ठेवलं आणि म्हणाला की पाळी खरंच चुकलेली दिसते आहे. मेव्हण्याने डायरी उघडून आजूबाजूच्या चार प्लॉटांच्या तारखा त्याच्यापुढे धरल्या.

कारकुनाने त्या पाहिल्या, मग मेव्हण्याकडे पाहिलं, मग सुभेदाराला विचारलं, "हे तुमच्याबरोबर आहेत का?"

"व्हय," सुभेदार म्हणाला. "माज्याबरूबर हायती."